मला हार्डशिवाय करमत नाही, भाचीला झोम्बी नकोत: एकाच वर्ल्डची डिफिकल्टी कशी लावायची?

कोळसेवाली

माइनक्राफ्ट, कन्सोलवर, म्हणजे बेडरॉक (गेमची कन्सोलवर चालणारी आवृत्ती). मी आणि माझी भाची (वय ९) स्प्लिट स्क्रीनवर एकत्र खेळतो. वर्ल्ड माझं आहे, चार महिन्यांचं, पहिल्या दिवसापासून हार्डवर (पीसफुल, ईझी, नॉर्मल, हार्ड या चार पातळ्यांतली सगळ्यात अवघड). तिला नवीन वर्ल्ड काढून देते म्हटलं तर ऐकत नाही, कारण याच वर्ल्डच्या गावात "आजोबा" राहतात. आजोबा म्हणजे एक लायब्ररियन व्हिलेजर, गेममधला पुस्तकं विकणारा गावकरी. तिने त्यांना नेमटॅग (नावाची पट्टी) लावलाय आणि स्वतःच्या घरात आणून ठेवलंय.

काल रात्री मी खाली खाणीत होते, ती घरात. "मावशी, कुणीतरी दार वाजवतंय." मी म्हटलं वाजवू दे, झोम्बी आहे, सकाळी जळेल. माझ्या घराला लोखंडी दार आहे, त्यामुळे हार्डवर झोम्बी लाकडी दार फोडतात हे मी साफ विसरले होते. तिच्या अर्ध्या स्क्रीनवर दाराला तडे जाताना दिसत होते आणि ती तलवार सोडून हातात टॉर्च धरून उभी. दार गेलं. झोम्बी तिच्याकडे न जाता आजोबांकडे गेला आणि आजोबा हिरवे झाले, म्हणजे स्वतःच झोम्बी.

मी धावत वर आले, आजोबांना दोन ब्लॉक खोल खड्ड्यात ढकललं आणि वर झाकण टाकलं. आता ते खाली गुरगुरतायत आणि भाची माझ्याशी बोलत नाहीये.

दोन प्रश्न. आजोबा परत येतील का? आणि डिफिकल्टी नेमकी कुठे ठेवू? हार्डवर ती दर दहा मिनिटांनी मरते. मी एकदा पीसफुल करून पाहिलं, तर मला झोप आली.

लपूनछपून

ताई, आत्ता लगेच पीसफुल करा. पॉज, सेटिंग्ज, गेम, डिफिकल्टी. वर्ल्डमधून बाहेरही पडायला लागत नाही. पोरगी शांत झाली की मग बघा काय ते.

क्रीपर_पीडित

नको!! कोळसेवाली, थांबा. पीसफुल केलंत की त्याच क्षणी सगळे शत्रू मॉब (गेममधले जीव) गायब होतात. झोम्बी झालेला व्हिलेजर हाही झोम्बीच धरला जातो. नेमटॅग असला तरी जातो. मी स्वतः हे केलंय. दोन झोम्बी-व्हिलेजर बरे करायला कोंडून ठेवले होते, बाहेर क्रीपर (जवळ येऊन फुटणारा राक्षस) दिसला म्हणून घाबरून दोन सेकंदांसाठी पीसफुल केलं आणि परत नॉर्मल. क्रीपर गेला, कोठडीही रिकामी. ते परत येत नाहीत.

आधी आजोबा बरे करा, मग डिफिकल्टीला हात लावा. कमी करायचीच असेल तर ईझीपर्यंत चालेल. त्याने कुणी गायब होत नाही.

कोळसेवाली

बापरे. मेनू उघडून कर्सर पीसफुलवर नेला होता मी. तेवढ्यात हा प्रतिसाद वाचला. कन्सोल बाजूला ठेवलाय, हात लावत नाही.

लपूनछपून

अरे देवा. सॉरी ताई. मला हे खरंच माहीत नव्हतं.

निवांत_खाणकामगार

आजोबा बरे होतील. विकनेसची स्प्लॅश पोशन (अशक्तपणाच्या काढ्याची फेकायची बाटली) त्यांच्या अंगावर फोडायची, मग हातात सोनेरी सफरचंद धरून त्यांच्यावर वापरायचं. ते थरथरायला लागले की समजा काम झालं. ३ ते ५ मिनिटं लागतात.

पोशनला नेदर वॉर्ट (बहुतेक पोशनमध्ये लागणारी वनस्पती) लागत नाही, हे बऱ्याच जणांना माहीत नसतं. पाण्याच्या बाटलीत थेट फर्मेंटेड स्पायडर आय घालायचा (कोळ्याचा डोळा, तपकिरी मशरूम, साखर), मग स्प्लॅश करायला गनपावडर. ब्रूइंग स्टँडला (पोशन बनवायच्या स्टँडला) मात्र ब्लेझ रॉड हवा, ब्लेझ नावाच्या शत्रूला मारून मिळतो तो. सफरचंदाला सोन्याच्या ८ विटा. खड्ड्यावर छप्पर ठेवा, नाहीतर दिवसा ऊन लागून जळतील.

एक गंमत. तुम्ही हार्डवर होतात म्हणून आजोबा वाचले. झोम्बीने व्हिलेजर मारला तर हार्डवर तो शंभर टक्के झोम्बी-व्हिलेजर होतो, नॉर्मलवर ५० टक्के वेळा, आणि ईझीवर कधीच नाही, सरळ मरतो. आमच्यासारखे काही जण मुद्दाम हार्ड करून व्हिलेजरला चावून घेतात आणि मग बरा करतात, कारण बरा केलेला व्हिलेजर सौदे स्वस्त करतो. डिफिकल्टी वाढवली म्हणजे सगळंच वाईट होतं असं नाही.

हार्डच_खरं

पहिल्या प्रश्नाचं उत्तर मिळालं. दुसऱ्याचं माझं उत्तर: हार्डवरच ठेवा. मूल मरता मरता शिकतं. सारखं सेटिंग खालीवर करत बसलं तर तो गेम राहत नाही, रिमोट होतो. शिवाय डिफिकल्टी कमी केली की अचिव्हमेंट बंद होतात.

भूमितीचा_कंटाळा

शेवटचं वाक्य चूक आहे, आणि ही चुकीची समजूत दर दोन महिन्यांनी कुणीतरी घेऊन येतं. बेडरॉकमध्ये मेनूतून पीसफुल, ईझी, नॉर्मल, हार्ड काहीही करा, कितीही वेळा करा, अचिव्हमेंट किंवा ट्रॉफी बंद होत नाहीत. बंद होतात त्या चीट्स चालू केल्यावर किंवा क्रिएटिव्ह (सगळं सामान फुकट मिळणारा मोड) केल्यावर. आणि त्या वर्ल्डपुरत्या कायमच्या. चीट्स नंतर बंद केल्या तरी परत सुरू होत नाहीत.

इथेच लोक फसतात. मेल्यावर सामान अंगावर राहावं म्हणून "कीप इन्व्हेंटरी" लावायला जातात. ते चीट्सच्या पानावर आहे. ते लावायचं तर आधी चीट्स चालू कराव्या लागतात. गेम इशारा देतो, पण आपण तो वाचतो कुठे? पुढचं पुढचं दाबत जातो.

ट्रॉफीची फिकीर नसेल तर लहान मुलासाठी कीप इन्व्हेंटरीसारखं सेटिंग नाही. डिफिकल्टी कमी करण्यापेक्षा याचा जास्त उपयोग होतो. मुलं मरायला घाबरत नाहीत, सामान जाण्याला घाबरतात. ट्रॉफी हव्या असतील तर आधी वर्ल्डची कॉपी काढा. वर्ल्ड एडिट करायच्या पानावर खाली बटण आहे. प्रयोग कॉपीवर करा.

हार्डच_खरं

बरं, अचिव्हमेंटचं माझं चुकलं. बाकीच्यावर ठाम आहे.

कोळसेवाली

ट्रॉफी मला हव्यात (हसू नका). त्यामुळे कीप इन्व्हेंटरी बाद. पण "सामान जाण्याला घाबरतात" हे अगदी खरं. ती मेल्यावर रडत नाही, तिची लोखंडी कुदळ कुठे पडली ते सापडत नाही तेव्हा रडते.

हार्डच_खरं, तुमचं म्हणणं मला पटायचं, नऊ वर्षांच्या मुलीच्या शेजारी बसेपर्यंत.

तीनशेसाठ_ते_आजवर

सामानाबद्दल लिहितो, कारण हे मेनूबाहेरचं आहे आणि फार कामाचं.

जमिनीवर पडलेली वस्तू ५ मिनिटांनी नाहीशी होते, हे सगळ्यांना ठाऊक असतं. म्हणून मेल्याबरोबर लोक उघड्याने धावत सुटतात आणि वाटेत परत मरतात. पण ती ५ मिनिटं त्या जागेचा चंक (जगाचा चौकोनी तुकडा) चालू असतानाच मोजली जातात. तुमचा बिछाना खूप लांब असेल आणि मरणाच्या जागेजवळ दुसरं कुणी नसेल, तर तुम्ही घरी परतताच तिथलं घड्याळ थांबतं. कन्सोलवर सिम्युलेशन डिस्टन्स (खेळाडूभोवती किती लांबपर्यंत जग चालू राहतं ते) साधारण ४ चंकवर असतो, एक चंक १६ ब्लॉकचा. म्हणजे साठ-सत्तर ब्लॉकच्या पलीकडे जग गोठलेलं. शांतपणे चिलखत घाला, खा, मग निघा. तुम्ही जवळ पोचलात की घड्याळ पुन्हा चालू होतं.

तुमच्या बाबतीत मात्र पेच आहे. तुम्ही दोघी. भाची मेली आणि तुम्ही तिच्या सामानाजवळ उभ्या राहिलात, तर तुमच्यामुळे तो चंक चालू राहतो आणि घड्याळही. तेव्हा एकतर तुम्हीच पटकन सगळं उचला, नाहीतर तिथून लांब जा. "थांब, मी इथेच उभी राहते, तू ये" हे सगळ्यात वाईट. माझ्या भावाने आणि मी हिऱ्यांचं आख्खं चिलखत असंच घालवलं. तो इमानदारीत राखण करत बसला होता!

आणि "शो कोऑर्डिनेट्स" लावा. ते चीट्समध्ये येत नाही, ट्रॉफी सुरक्षित. मरताना स्क्रीनवरचे आकडे वहीत लिहायची सवय तिला लावा.

लपूनछपून

आम्ही इतकी वर्षं उघड्याने धावतोय 🙏

तीनशेसाठ_ते_आजवर

विषय निघालाच आहे तर. मी २०१२ च्या मे महिन्यात एक्सबॉक्स ३६० वर हा गेम आला तेव्हापासून खेळतो. तेव्हाचं वर्ल्ड ८६४ गुणिले ८६४ ब्लॉक, बास. कडेला अदृश्य भिंत. सामान हरवून हरवून जाणार कुठे? आता जग संपत नाही, त्यामुळे हरवणं हीच एक डिफिकल्टी झालीय, आणि तिचं सेटिंग हार्ड-ईझीमध्ये नाही. असो, म्हाताऱ्याची बडबड.

भूमितीचा_कंटाळा

चार पातळ्यांमध्ये नक्की काय बदलतं हे एकदा नीट सांगतो, कारण लोकांना वाटतं फक्त झोम्बी जोरात मारतात.

सगळ्यात मोठा फरक भुकेचा. दहाच्या दहा हार्ट आहेत आणि पोट रिकामं झालं, तर ईझीवर तुम्ही ५ हार्टपर्यंत खाली येता आणि थांबता. नॉर्मलवर अर्ध्या हार्टपर्यंत. हार्डवर मरता. पीसफुलवर भूकच लागत नाही, उलट तब्येत आपोआप भरत जाते. खाणीत रमून जेवायचं विसरणाऱ्या मुलांसाठी नॉर्मल आणि हार्ड यांच्यातला खरा फरक हाच आहे.

मग गुहेतले छोटे निळे कोळी. ईझीवर त्यांचं विष चढतच नाही. नॉर्मलवर चढतं, हार्डवर त्याहून जास्त वेळ टिकतं. गावावर पिलेजरांची धाड पडली तर ईझीवर ३ लाटा, नॉर्मलवर ५, हार्डवर ७. झोम्बी दारं फक्त हार्डवर फोडतात, ते तुम्ही पाहिलंच.

जे बदलत नाही तेही लक्षात ठेवा. लाव्हा, उंचावरून पडणं, बुडणं. पीसफुल केलं म्हणून लाव्हा शांत होत नाही. नेदरमध्ये (गेममधल्या आगीच्या दुसऱ्या जगात) बिछाना लावून झोपायला गेलात तर पीसफुलवरही तो फुटतो.

आणि तुमच्या मूळ प्रश्नाला हात घालायचा तर: डिफिकल्टी वर्ल्डची असते, खेळाडूची नाही. तुम्हाला हार्ड आणि तिला ईझी असं एका वर्ल्डमध्ये होत नाही.

कोळसेवाली

हेच ऐकायला नको होतं. मग मधला मार्ग म्हणजे नॉर्मल? त्यात मला मजा नाही आणि तिला भीती आहेच.

सावकाश_सावकाश

मी आणि माझी बायको याच पेचातून गेलोय. ती उत्तम खेळते, मी मरतो. आम्ही मेनूचा नाद सोडला आणि अंगावरच्या सामानाने फरक पाडला.

म्हणजे वर्ल्ड नॉर्मलवर. हिऱ्यांचं चिलखत आणि प्रोटेक्शनच्या जादूची पुस्तकं सगळी मला. ती चामड्याच्या अंगरख्यावर, ढाल नाही, धनुष्य नाही. तिच्यासाठी तो गेम हार्डपेक्षा अवघड होतो आणि माझ्यासाठी ईझीपेक्षा सोपा. सेटिंगच्या पानावर चारच पर्याय आहेत, पण पेटीत पर्याय हवे तेवढे.

भाचीला पहिल्यांदा ढाल करून द्या. एक लोखंडी वीट आणि सहा फळ्या. बेडरॉकवर ढाल वेगळ्या बटणाने नाही, खाली वाकलं की आपोआप पुढे येते. लहान मुलांना हे लगेच जमतं, कारण घाबरलं की ती तशीही वाकतात. माझाही तोच अनुभव, वय ४१.

हार्डच_खरं

सावकाश, हे आवडलं. स्वतःवर हार्ड लावून घ्यायचं. याला माझा विरोध नाही.

क्रीपर_पीडित

+१. आणि फ्रेंडली फायर बंद करा. स्प्लिट स्क्रीनवर कोण कुठल्या अर्ध्यात आहे हेच गोंधळात कळत नाही. माझ्या मुलाने क्रीपरपेक्षा मला जास्त वेळा मारलंय. फायर स्प्रेड पण बंद करा, लाकडी घरं बांधणार असेल तर. शेकोटीच्या नादात छप्पर गेलं की सगळा दिवस वाया.

रात्रपाळी

बाकीचे गेम खेळणाऱ्यांसाठी थोडं अवांतर. माइनक्राफ्ट या बाबतीत फार उदार आहे, खेळता खेळता पातळी बदलू देतो. टेरारियात वर्ल्ड बनवताना एक्स्पर्ट निवडलंत तर ते एक्स्पर्टच राहतं. सबनॉटिकात सुरुवातीलाच सर्व्हायव्हल की फ्रीडम ते ठरवायचं. फ्रीडममध्ये भूक-तहान नाही, पण मध्येच मेनूतून बदलता येत नाही. सेव्हन डेज टू डायमध्ये उलट टोक, दिवस किती मिनिटांचा, किती दिवसांनी झोम्बींची लाट, मेल्यावर काय काय पडणार, सगळं वेगवेगळं लावता येतं. पहिल्यांदा ती यादी बघूनच माणूस दमतो.

बेडरॉकमध्ये आता हार्डकोरही आहे, २०२४ च्या डिसेंबरात आलं. पण ते वर्ल्ड बनवतानाच लावायचं, पातळी हार्डला कुलूपबंद आणि एकच जीव. कोळसेवाली ताई, भाची तिच्या घरी गेली की तुमच्यासाठी.

लपूनछपून

एक विचारू का, कुणी रागावू नका. नेदरमध्ये जाताना पीसफुल करणं ही चीटिंग आहे का? मी क्वार्ट्झ आणायला तसंच जातो. घास्ट नाही, काही नाही.

हार्डच_खरं

हो.

निवांत_खाणकामगार

नाही. तुमचा गेम, तुमचं क्वार्ट्झ. फक्त पीसफुलवर ब्लेझही नसतात, म्हणजे ब्लेझ रॉड नाही, म्हणजे पोशन नाही आणि एंडपर्यंत (शेवटच्या ड्रॅगनच्या जगापर्यंत) जायचंही अवघड. कधीतरी नॉर्मल करावंच लागेल. आणि जायच्या आधी बघून घ्या, कुठल्या खड्ड्यात कुणाचे आजोबा नाहीत ना.

हार्डच_खरं

😄

कोळसेवाली

अपडेट. उशीर झाला, कारण तपकिरी मशरूम सापडेना. शेवटी भाचीनेच शोधले, दलदलीच्या कडेला. ब्लेझ रॉड माझ्याकडे पेटीत होते. सोनं तिने स्वतः वितळवलं, आठ विटा मोजून, दोनदा मोजून.

वर्ल्ड हार्डवरच ठेवलं, आजोबा बरे होईपर्यंत कशाला हात लावायचा नाही असं ठरवलं होतं. दिवस उजाडल्यावर खड्ड्याचं झाकण काढलं, वर काचेचं छप्पर केलं आणि लगेच आठवलं की काचेतून ऊन येतं. आजोबांच्या डोक्यावर ज्वाळा दिसल्या! भाची ओरडली, मी हातात येईल तो ब्लॉक वर ठेवला. मातीचा होता. वाचले.

मग पोशन मी फोडली, सफरचंद तिने दिलं. ते थरथरायला लागले तशी ती घड्याळ घेऊन बसली. चार मिनिटं आणि काही सेकंद. मध्ये दोनदा विचारलं, "मावशी, ते ओळखतील ना?" मी म्हटलं नाव तेच राहतं. राहिलं. खड्ड्यातून वर काढले तेव्हा डोक्यावर "आजोबा" होतं, आणि जे पुस्तक आधी महाग देत होते ते बऱ्याच कमी पाचूंना द्यायला लागले. तिचं म्हणणं, ते उपकार मानतायत.

आता सेटिंग: नॉर्मल. तिला लोखंडी चिलखत पूर्ण, प्रोटेक्शन लावून, आणि ढाल. मी चामड्यावर, हेल्मेट नाही. पहिल्याच रात्री मी दोनदा मेले, ती एकदाही नाही. दुसऱ्यांदा मेले तेव्हा तिने माझं सामान पळत जाऊन उचललं, कारण मी तिला घड्याळाचं ते सगळं समजावून सांगितलं होतं. कोऑर्डिनेट्स तिने वहीत लिहिले होते. मी नव्हते लिहिले.

ती झोपल्यावर मी एकटी हार्ड करते. सकाळी नॉर्मल करायला विसरू नये म्हणून कंट्रोलरवर चिठ्ठी चिकटवलीय.

सावकाश_सावकाश

चामडं छान. हेल्मेट पण काढलंत म्हणजे माझ्या बायकोच्या वरचढ.

तीनशेसाठ_ते_आजवर

कोऑर्डिनेट्स वहीत लिहिणारी मुलगी. हिला काही शिकवायला नको.

क्रीपर_पीडित

रात्री हार्ड करता, ठीक. पण आजोबांच्या घराला लोखंडी दार लावलंत का? नाहीतर परत मशरूम शोधायला जावं लागेल.

कोळसेवाली

लावलं. लोखंडी दार, आतून बटण. व्हिलेजरला ते उघडता येत नाही, म्हणजे आजोबा फिरायलाही जाणार नाहीत. दार बंद झाल्यावर लक्षात आलं की बाहेरून बटण लावलंच नाही, आणि आम्ही दोघी बाहेर. भाची म्हणतेय भिंत फोडायची नाही, तिने ती रंग जुळवून बांधलीय. खिडकीतून जायचा विचार चाललाय.